शब्दांविना आयर्लंड: निवेदन नसलेला निसर्गपट (स्थळं, ऋतू, ध्वनी, संकलन, परवाने)

रानडोळा (धागाकर्ता)

आयर्लंडचे वन्यजीव आणि भूप्रदेश यांवर, निव्वळ चित्र आणि ध्वनीच्या आधारे उभा राहणारा निसर्गपट करायचा झाला तर तयारी कशी करावी, यासाठी हा धागा. ज्यांना ज्या भागातलं नेमकं माहीत आहे त्यांनी भर घालावी. पर्यटनाची माहिती शक्यतो दुसरीकडे घेऊ.

मुख्य मुद्दा आधी मांडतो. निवेदन काढलं की काम कमी होत नाही, ते अलीकडे सरकतं. निवेदक जे एका वाक्यात सांगून मोकळा होतो, ते चित्रीकरणाच्या यादीतच उतरवावं लागतं. करड्या सीलची मादी पिल्लाला साधारण तीन आठवडे पाजते आणि मग त्याला किनाऱ्यावर सोडून समुद्रात निघून जाते. हे बोलायला पाच सेकंद पुरतात. दाखवायचं तर नुकतं जन्मलेलं, पिवळसर पांढऱ्या केसांचं, सैल कातडीचं पिल्लू हवं. दूध पिताना हवं. पिंपासारखं फुगलेलं हवं. पांढरे केस गळून खालची करडी कातडी दिसू लागलेलं हवं. आणि आई पाण्यात शिरताना मागे पिल्लू चौकटीत हवं. यातला एक शॉट हुकला तरी प्रेक्षकाला फक्त "गोड पिल्लू" दिसतं, गोष्ट कळत नाही.

म्हणून सगळं आयर्लंड भरण्याच्या फंदात पडू नये. ज्यात कारण आणि परिणाम दोन्ही डोळ्यांना दिसतात अशी सहा-सात प्रकरणं पुरेत. माझी निवड अशी:

गॅनेट, लिटल स्केलिग, केरी. सुमारे ३५,००० जोड्यांची वसाहत. बेटावर उतरू देत नाहीत, बोटीतूनच काम. हा पक्षी ३० मीटरपर्यंतच्या उंचीवरून सूर मारतो आणि पाण्यात शिरताना वेग ताशी १०० किमीच्या घरात असतो. २५ फ्रेमच्या प्रकल्पात १०० फ्रेमने घेतलं की चौपट संथ मिळतं. शटर फ्रेमच्या वेगाच्या दुप्पट, या नेहमीच्या नियमाप्रमाणे तो १/२०० येतो, पण पाण्याला टेकण्याआधी पंख मागे मिटतात तो क्षण त्यात पुसट होतो. १/८०० ते १/१००० ठेवा. बोटीवर ६०० मिमीचा हट्ट नको. १००-४०० झूम, स्थिरीकरण चालू, गुडघे सैल, आणि तिपाई बोटीच्या तळाला टेकवायची नाही, नाहीतर इंजिनाची थरथर थेट चित्रात येते.

पफिन (छोटा समुद्रपक्षी), स्केलिग मायकल बेट. उतरण्याचा हंगाम साधारण मेच्या मध्यापासून सप्टेंबरअखेर, आणि पफिन ऑगस्टच्या सुरुवातीला समुद्रावर निघून जातात. म्हणजे हाताशी मेचा उत्तरार्ध ते जुलै. अडचण अशी की पफिन संध्याकाळी मोठ्या संख्येने जमिनीवर येतात आणि प्रवासी बोटी दुपारीच परततात. लाटा जास्त असल्या तर बोट सुटतच नाही. राखीव दिवस धरल्याशिवाय हे प्रकरण यादीत घेऊ नका.

तांबड्या हरणांचा माज, किलार्नी. सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबर. नराच्या तोंडची वाफ दिसायला दोन गोष्टी लागतात, थंडी आणि समोरून येणारा प्रकाश. सूर्य पाठीशी ठेवून उभं राहिलात तर वाफ दिसणार नाही.

ब्रेंट हंस, बुल आयलंड, डब्लिन. बास्किंग शार्क, पश्चिम किनारा. पीटची (अर्धवट कुजलेल्या वनस्पतींच्या थराची) दलदल, क्लारा किंवा मेयोतलं वाइल्ड नेफिन. आणि कॉर्नक्रेक, गवतात लपणारा पक्षी, जो जवळजवळ पूर्णपणे ध्वनीचाच विषय आहे. यांवर खाली बोलूच.

---

उधाण

चांगला धागा. भरती-ओहोटीचं गणित इथे नोंदवून ठेवतो, कारण किनाऱ्यावरची निम्मी प्रकरणं त्यावर अवलंबून आहेत.

आपल्या कोकणासारखीच तिथेही दिवसातून दोनदा भरती, दोनदा ओहोटी. वेळ रोज सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकते. पण महत्त्वाचं हे की एखाद्या ठिकाणी उधाणाच्या (अमावास्या-पौर्णिमेच्या) दिवसांत ओहोटीचा तळ दर वेळी जवळपास त्याच प्रहराला येतो. गॉलवेच्या आसपास तो दुपारच्या सुमारास, डब्लिनला सकाळ-संध्याकाळी सहाच्या आसपास. म्हणजे पश्चिम किनाऱ्यावर पाणी सर्वांत जास्त हटतं तेव्हा ऊन डोक्यावर असतं. सोनेरी प्रकाशात उघडे पडलेले खडक हवे असतील तर भांगाच्या (अष्टमीच्या आसपासच्या, पाणी कमी चढ-उतरण्याच्या) दिवसांकडे वळावं लागतं, आणि तेव्हा पाणी पुरेसं हटत नाही. दोन्ही एकत्र मिळणार नाही हे धरूनच आखणी करा. जूनमध्ये दुपारचा सूर्य ६० अंशांवर असतो, तो फार कडक. मार्च किंवा सप्टेंबरच्या उधाणाला उंची चाळिशीच्या आत असते आणि पाणीही जास्त हटतं. खडकाळ किनाऱ्याचं प्रकरण तेव्हा घ्यावं.

बुल आयलंडवर उलटी सोय आहे. उधाणाची भरती डब्लिनला दुपारी बाराच्या आसपास येते. पाणी चढलं की चिखलावर पसरलेले हंस आणि पाणपक्षी मधल्या बांधरस्त्याकडे ढकलले जातात. डिसेंबरात मध्यान्हीचा सूर्य क्षितिजापासून जेमतेम १३ अंशांवर असतो, म्हणजे भर दुपारी तिरपं, मऊ ऊन. रस्त्यावरून उत्तरेकडे कॅमेरा केलात की सूर्य पाठीशी. भरतीच्या दीड तास आधी जागा धरा आणि मग हलू नका, पक्षीच जवळ येतात. भरती झाल्यावर पोहोचलात तर तुमच्या चाहुलीने ते उडतात, आणि थंडीत अशी विनाकारण उड्डाणं त्यांना महागात पडतात.

---

डब्लिनकर

उधाण यांच्या मुद्द्याला जोडून. ब्रेंट हंसांचं प्रकरण शब्दांविना सांगायला अतिशय सोयीचं आहे. कॅनडाच्या आर्क्टिकमधून आलेले हे हंस शरदात चिखलातलं समुद्रगवत आणि शेवाळ खातात. ते संपत आलं की हिवाळ्याच्या मध्यापासून शहरातल्या बागांमध्ये आणि फुटबॉलच्या मैदानांवर चरायला उतरतात. ऑक्टोबरात हिरवा चिखल, डिसेंबरात तोच उघडा-बोडका, आणि नंतर गोलपोस्टच्या मागे चरणारा थवा. तीन शॉटमध्ये कारण-परिणाम पूर्ण होतो. पहिले दोन शॉट मात्र त्याच जागेवरून, त्याच भिंगाने आणि भरतीच्या त्याच टप्प्यावर घेतलेले हवेत, नाहीतर गवत संपलंय की पाण्याखाली आहे हे कळत नाही.

आणखी एक: त्या वर्षीच्या पिल्लांच्या पंखांवर फिक्या पट्ट्या असतात आणि मानेवरचा पांढरा डाग सुरुवातीला नसतो. कुटुंबं हिवाळाभर एकत्र राहतात. पट्ट्या असलेले आणि नसलेले पक्षी एका चौकटीत घेतले की "हे कुटुंब आहे" हे न सांगता पोचतं.

---

शेवाळ

दलदलीबद्दल.

स्फॅग्नम शेवाळाची जमीन म्हणजे पाण्याने भरलेला जाड थर. पीट वर्षाला साधारण एक मिलिमीटर वाढतं. एका जागी चार-पाच वेळा ये-जा केली की पायवाट पडते आणि ती लवकर भरत नाही. लाकडी फळ्यांची वाट सोडून उतरायचं असेल तर परवानगी घ्या, आणि जाण्या-येण्याचा मार्ग एकच ठेवू नका.

तिपाईचे पाय खचतात. प्रत्येक पायाखाली सुमारे ३० सेंमी चौरस प्लायवुडचा तुकडा ठेवा, वर पाय अडकायला एक छोटी कड मारा. तरीही काम संपत नाही, कारण जमीनच हलते. कॅमेऱ्यापासून दोन मीटरवर कुणी पाय बदलला तरी ४०० मिमीवर चित्र डोलतं. रेकॉर्डिंग चालू असताना सगळ्यांनी बसून राहायचं. क्लाराच्या फळ्यांच्या वाटेवर तिपाई ठेवलीत तर दुसऱ्या टोकाला चालणाऱ्याची पावलंही जाणवतात. ती वेळ माणसं नसताना, भल्या पहाटे साधा.

दवबिंदू, म्हणजे ड्रोसेरा ही कीटकभक्षी वनस्पती, किडा धरून पान वळवते ते टाइमलॅप्सनेच दिसतं. पडद्यावर १० सेकंद हवे असतील तर २५ च्या हिशेबाने २५० फ्रेम, आणि दर मिनिटाला एक धरली तर ४ तास १० मिनिटं. बाहेर हे बहुधा वाऱ्याने फसतं. रोप जेमतेम बोटभर उंच, त्यामुळे तिन्ही बाजूंनी पारदर्शक ॲक्रिलिकचे तुकडे रोवून आडोसा करा, एक बाजू उघडी ठेवा. सगळीकडून बंद केलं तर आत वाफ धरते. टाइमलॅप्समध्ये उजेडाची उघडझाप प्रामुख्याने ढगांमुळे होते, तेव्हा एक्स्पोझर हाताने, व्हाइट बॅलन्स ठरावीक, आणि ॲपर्चर प्रत्येक फ्रेमला उघड-मीट होणार नाही अशी सोय. ती नसेल तर भिंग पूर्ण उघडं ठेवूनच घ्या.

---

निनाद

ध्वनीवर सविस्तर लिहितो. निवेदन नसलेल्या चित्रपटात ध्वनी हाच निवेदक असतो आणि बहुतेक गट त्यालाच सर्वांत कमी दिवस देतात.

वारा. पश्चिम आयर्लंडमध्ये वाऱ्याविना दिवस धरून चालू नका. माइकला बंदिस्त जाळीची टोपी आणि वर केसाळ आवरण, हे दोन्ही हवं. नुसतं फोम घरात चालतं. लो-कट, म्हणजे खालचा खर्ज गाळणारा फिल्टर, रेकॉर्ड करताना शक्यतो लावू नका, संकलनात लावा, कारण समुद्राची खालची घरघर एकदा गेली की परत येत नाही. अपवाद एकच: वाऱ्याने प्रीॲम्पच (माइकचा आवाज वाढवणारा रेकॉर्डरमधला भाग) फुटत असेल तर लावावाच लागतो. ३२-बिट फ्लोट रेकॉर्डर इथे वाचवतो अशी समजूत आहे. तो रेकॉर्डरमधलं फुटणं वाचवतो, माइकच्या पडद्यावर वाऱ्याने बसलेले दणके वाचवत नाही.

आडोसा निवडताना सावध. अरन बेटं आणि बरेन या चुनखडीच्या माळामधले दगडी गडगे चुन्याविना रचलेले, फटींचे असतात. त्यामागे माइक ठेवला की फटींमधून येणारी शीळ मिळते. ती मुद्दाम हवी असेल तर उत्तम, नाहीतर मातीचा बांध शोधा. बरेनच्या चुनखडीतल्या खोल भेगांमध्ये माइक उतरवला तर वारा लागत नाही, पण आवाज डब्यातल्यासारखा पोकळ होतो. भेगेच्या तोंडाशी, काठाच्या जरा खाली ठेवला तर दोन्ही साधतं.

पॅराबोला, म्हणजे आवाज माइकवर एकवटणारी तबकडी. ५५-६० सेंमी व्यासाची असेल तर ती साधारण ६०० हर्ट्झच्या वरच काम करते. कॉर्नक्रेकला उत्तम. तांबड्या हरणाच्या डरकाळीला निरुपयोगी, कारण छातीतला खर्ज गळून पडतो आणि राहतो तो किरटा आवाज. हरणासाठी आदल्या दिवशी दुपारी, हरणं सावलीत असताना, माजाच्या मैदानाच्या कडेला झाडाच्या बुंध्याशी दोन ओम्नी (सगळ्या दिशांचं ऐकणारे) माइक ४०-५० सेंमी अंतराने लावून रेकॉर्डर सोडून द्यायचा. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, स्टिरिओ म्हणजे तासाला सुमारे एक जीबी. बॅटरी थंडीत लवकर उतरते, २०,००० मिलिॲम्पियर-तासांची पॉवर बँक प्लास्टिकच्या डब्यात कापडात गुंडाळून ठेवा.

किलार्नीत सिका हरणंही आहेत. त्यांचा नर डरकाळी फोडत नाही, उंच पट्टीत शिट्टीसारखा ओरडतो. रेकॉर्डिंगमध्ये दोन्ही मिसळलेले मिळतील. चित्रात तांबडं हरीण आणि कानावर सिका, असं होऊ देऊ नका.

विमानं. मेमध्ये पहाटे चारच्या सुमारास पक्ष्यांचं कूजन सुरू होतं आणि अटलांटिक ओलांडून पूर्वेकडे जाणारी विमानं नेमकी त्याच पहाटेच्या तासांत आयर्लंडवरून जातात. एकामागे एक. उपाय म्हणजे लवकर सुरुवात करून पहिला अर्धा तास पकडणं आणि सलग तुकड्याऐवजी दोन-दोन मिनिटांचे स्वच्छ तुकडे जमवणं. डोंगराआड असलेल्या दरीत विमानाची घरघर कमी होत नाही, ती वरूनच येते. रस्त्याचा आवाज मात्र कमी होतो.

अंतर. ३४० मीटरवरची लाट ६०० मिमीने घेतली तर कॅमेऱ्यावरचा आवाज एक सेकंद उशिरा येतो. पडद्यावर लाट हाताच्या अंतरावर दिसते, त्यामुळे तो उशीर खटकतो. आवाज एक सेकंद अलीकडे ओढून जुळवा.

---

पाऊलवाट

निनाद, कॉर्नक्रेक रात्री किती वाजता? आणि आवाज वाजवून त्याला बाहेर बोलावता येतं का?

---

निनाद

पाऊलवाट, आवाज वाजवू नका. तो संरक्षित आणि अगदी थोड्या जागी उरलेला पक्षी आहे: डोनेगल, मेयो, पश्चिमेची काही बेटं. नर रेकॉर्डिंगला प्रतिस्पर्धी समजून जागा सोडून येतो, आणि तेवढा वेळ त्याच्या विणीतून वजा होतो.

नर सर्वांत सलग ओरडतो तो मध्यरात्र ते पहाटे तीन. दोन तुकड्यांचा खरखरीत आवाज, शांत रात्री किलोमीटरभर पोचतो. मे आणि जून चांगले. रस्त्यावरून, कुंपणाबाहेरूनच मिळतो. गवतात शिरायचं कारण नाही. चित्र हवं असेल तर एप्रिलअखेर ते मेची सुरुवात, कारण तेव्हा गवत आखूड असतं आणि पक्षी पिवळ्या आयरिसच्या किंवा खाजकुईलीसारख्या नेटलच्या झुडपांमध्ये लपतो. झुडपातून झुडपात जाताना मान दिसते. जूनमध्ये गवत वाढलं की दर्शन विसरा, ध्वनी गोळा करा.

---

कातरकाम

संकलनाच्या बाजूने.

निवेदनासोबत शॉट तीन-चार सेकंदांत कापला तरी चालतो, कारण अर्थ कानातून येतो. निवेदनाविना प्रेक्षकाला चौकट वाचायला वेळ लागतो. आठ ते पंधरा सेकंद ही साधारण गरज धरा, आणि म्हणून चित्रीकरणात प्रत्येक स्थिर शॉट किमान ३० सेकंद चालू ठेवा. पॅन करायचा असेल तर आधी १० सेकंद थांबलेला, नंतर १० सेकंद थांबलेला. सर्वांत जास्त रडगाणं याचंच असतं: सुंदर पॅन आहे, पण सुरुवात आणि शेवट हललेला, त्यामुळे कुठेच जोडता येत नाही.

उंचीचं भान चौकटीतच द्यावं लागतं. मोहरचे कडे २१४ मीटरपर्यंत उंच आहेत, पण नुसता कडा चित्रात दहा मीटरचाही वाटू शकतो. तळाशी उडणारा गिलेमॉट पक्षी किंवा फुटणारी लाट चौकटीत ठेवा आणि तिथून सावकाश वर या. लाट फुटते ते दिसणं आणि तिचा आवाज येणं यातला उशीर इथे मात्र ठेवावा. निनाद यांनी जो काढायला सांगितला तोच उशीर दूरच्या, रुंद चौकटीत अंतर सांगतो. कडे पश्चिमाभिमुख आहेत, सकाळी सावलीत असतात. दुपारनंतरच उजळतात.

सीलच्या प्रकरणावर रानडोळा यांच्याशी थोडा मतभेद. पाच टप्पे पाच वेगवेगळ्या पिल्लांचे घेऊन एकाच पिल्लाची गोष्ट म्हणून जोडणं ही या क्षेत्रातली जुनी पद्धत आहे, पण निवेदन नसताना ती मला पटत नाही. निवेदक निदान "पिल्लं" असं अनेकवचन वापरून सुटका करून घेऊ शकतो. इथे प्रेक्षक डोळ्यांवर विश्वास ठेवून बसलेला असतो.

---

रानडोळा

कातरकाम, मुद्दा रास्त आहे. पण ग्रेट ब्लास्केटवर एकाच पिल्लाचा तीन आठवडे पाठपुरावा म्हणजे हंगामी बोटी बंद झाल्यावर बेटावर मुक्काम, आणि पिल्लांच्या जवळ रोजची ये-जा. त्याने आया बिथरतात, पिल्लं उपाशी राहतात. एकसंधतेसाठी ती किंमत मोजू नये.

मधला मार्ग असा: चौकटीत नेहमी दोन-तीन वेगवेगळ्या वयाची पिल्लं ठेवायची. म्हणजे प्रेक्षकाला वसाहतीची गोष्ट दिसते, एका जिवाची असल्याचा दावा होत नाही. आणि कॅमेरा वरच्या कड्यावरून, वाऱ्याच्या खालच्या अंगाला. ड्रोन अजिबात नको, त्याच्या आवाजाने अख्खा कळप पाण्यात धावतो आणि धावपळीत पिल्लं चिरडतात.

---

कातरकाम

वसाहतीची गोष्ट, हे मान्य.

---

डब्लिनकर

परवान्यांचं एकत्र लिहितो, इथे चूक झाली तर प्रकल्प थांबतो.

घरटं किंवा विणीची जागा यांच्याजवळ संरक्षित पक्षी-प्राण्यांचं चित्रण करायला नॅशनल पार्क्स अँड वाइल्डलाइफ सर्व्हिसचा परवाना लागतो, वाइल्डलाइफ कायदा १९७६ खाली. अर्जात प्रजाती, जागा, तारखा, अंतर, लपण कसं उभारणार हे सगळं. हंगामाच्या कित्येक महिने आधी टाका. राष्ट्रीय उद्यानात व्यावसायिक चित्रीकरणासाठी त्या उद्यानाची वेगळी परवानगी. स्केलिग मायकलची देखभाल ऑफिस ऑफ पब्लिक वर्क्सकडे, तिथे त्यांच्याशीही बोलायचं. सरकारी वनलागवडीची जमीन कॉइल्टेकडे.

आयर्लंडमध्ये कुणाच्याही मोकळ्या जमिनीतून चालण्याचा सरसकट हक्क नाही. बरेनमधला उघडा दगडी माळही बहुतेक शेतकऱ्यांच्या मालकीचा असतो. विचारलं तर सहसा हो म्हणतात. फाटक जसं होतं तसं बंद किंवा उघडं ठेवायचं, गुरं असतील तर दुसऱ्या दिवशी यायचं.

ड्रोन: कॅमेरा असलेल्या ड्रोनसाठी वजन २५० ग्रॅमच्या आत असलं तरी चालक म्हणून नोंदणी लागते. ती आयर्लंडमध्ये आयरिश एव्हिएशन अथॉरिटीकडे. खुल्या वर्गात (वेगळ्या परवानगीविना उडवण्याच्या) उंची १२० मीटर, तीही जमिनीच्या सर्वांत जवळच्या बिंदूपासून मोजलेली, आणि ड्रोन नजरेच्या टप्प्यात हवा. कड्यावरून सरळ समुद्रावर नेलात तर समोर पाणी खोल खाली असल्याने मर्यादा झटकन ओलांडली जाते. वारा समुद्राकडून असेल तर कड्याच्या तोंडाशी उचल असते आणि माथ्यामागे भोवरे. परत उतरवताना ड्रोन तिथेच आपटतात. काठापासून बऱ्यापैकी आत, मोकळ्या जागी उतरवा. सागरी पक्ष्यांच्या विणीच्या हंगामात कड्यांजवळ ड्रोन नेऊच नये.

उत्तर आयर्लंडमध्ये गेलात की कायदा बदलतो: ड्रोनसाठी ब्रिटनची सिव्हिल एव्हिएशन अथॉरिटी, आणि व्हिसाही ब्रिटनचा. भारतीय पासपोर्टवर शेंगेन व्हिसा आयर्लंडला चालत नाही. ब्रिटिश-आयरिश व्हिसा योजनेचा शिक्का असेल तर एका व्हिसावर दोन्हीकडे जाता येतं. तो अर्जाच्या वेळीच पाहून घ्या. मुंबई-पुण्याहून सामान नेणार असाल तर एटीए कार्ने (सामान तात्पुरतं परदेशी नेण्याचा सीमाशुल्काचा दस्तऐवज) काढा, भारतात तो फिक्की ही उद्योग संघटना देते. त्यावर प्रत्येक भिंगाचा क्रमांक असतो, आणि यादीतली एखादी वस्तू परत आणली नाही तर शुल्क लागतं. लिथियम बॅटऱ्या हातातल्या सामानात. १०० वॉट-तासांच्या आतल्या सहसा अडत नाहीत, १०० ते १६० पर्यंतच्या दोन, विमान कंपनीच्या परवानगीने.

---

बेसाल्ट

उत्तरेचा विषय निघालाच आहे तर जायंट्स कॉजवेबद्दल. सुमारे ४०,००० बेसाल्टचे खांब, वय सुमारे ६ कोटी वर्षं. सह्याद्रीचा दगडही लाव्हाचाच, थोडा जुना. अंधेरीची गिल्बर्ट हिल पाहिलेल्यांना खांबांची जडणघडण ओळखीची वाटेल.

खांब कसे झाले हे शब्दांविना सांगायचं तर आकृत्या नकोत. लाव्हा थंड होऊन आकसताना पडलेल्या भेगा दाखवायला वाळत्या चिखलाच्या भेगांचा टाइमलॅप्स घ्या आणि त्यावरून खांबांच्या माथ्यांवर वरून घेतलेल्या शॉटवर या. आकार जुळले की समजतं. ओले खांब जवळजवळ काळे दिसतात आणि कोरडे राखाडी, त्यामुळे भरती उतरताना घेतलं तर कडा उठून दिसतात. जागा नॅशनल ट्रस्टच्या ताब्यात आहे, व्यावसायिक चित्रीकरणाला आधी परवानगी. ओले खांब घसरडे असतात आणि लाटेकडे पाठ करून उभं राहू नये.

बरेनची चुनखडी हे दुसरं टोक. तिथे पाणी जमिनीखालून जातं. टरलॉ म्हणजे हंगामी तळी शरदात जमिनीतल्या विवरांतून भरतात आणि उन्हाळ्याकडे त्याच विवरांतून रिती होतात. गॉर्टजवळ कूलला हे चांगलं दिसतं. ऑक्टोबरात आइसलँडहून येणारे हूपर हंस भरलेल्या पाण्यावर, आणि उन्हाळ्यात त्याच चौकटीत गुरं. दोन्ही शॉट तंतोतंत जुळायला जीपीएस पुरत नाही. तिपाईच्या तिन्ही पायांच्या जागी दगडात न कोरता, जमिनीलगत छोट्या खुंट्या ठोका, मालकाला सांगून. भिंगाची उंची टेपने मोजा आणि पहिल्या फ्रेमची छापील प्रत बरोबर ठेवा.

---

पाऊलवाट

ध्वनी कमी पडला तर संग्रहातले तयार आवाज वापरायला हरकत आहे का?

---

शेवाळ

निनाद सांगतीलच, पण प्रजातींच्या बाजूने एक इशारा. "युरोपातली रात्र, जंगल" अशा नावाच्या तयार ध्वनीत हमखास टॉनी घुबड असतं. आयर्लंडमध्ये ते नाही. नाइटिंगेल तिथे वीण घालत नाही. ग्रेट स्पॉटेड सुतार अलीकडचा, विकलोच्या बाजूने स्थिरावलेला, त्यामुळे पश्चिमेच्या दलदलीवर त्याची टकटक चुकीचीच. बेडकांच्या आवाजातही तसंच: तिथे साधा बेडूक आणि मुख्यतः केरीच्या किनारी भागातला नॅटरजॅक भेक एवढेच. नॅटरजॅकचा एप्रिल-मेच्या रात्रीचा सामूहिक आवाज तर खास जाऊन घेण्यासारखा आहे.

चित्रांतही तोच धोका. हिवाळ्यात पांढराशुभ्र होणारा डोंगरी ससा स्कॉटलंडचा. आयरिश ससा त्याचाच उपप्रकार असला तरी पूर्ण पांढरा होत नाही. विकत घेतलेल्या क्लिपमध्ये हे सर्रास घडतं, आणि निवेदन नसल्याने जाणकार प्रेक्षकाचं लक्ष नेमकं तिथेच जातं.

---

निनाद

शेवाळ यांच्याशी सहमत. माझा नियम: आवाज त्याच प्रजातीचा, त्याच प्रदेशातला आणि त्याच ऋतूतला. संथ गतीच्या चित्राला खरा आवाज नसतोच, तो बनवावा लागतो. गॅनेटच्या डुबकीला हायड्रोफोनवर (पाण्याखालच्या माइकवर) घेतलेला पाण्याचा दणका आणि त्यानंतर बुडबुड्यांची सळसळ पुरते. तसं केलं असेल तर शेवटच्या श्रेयनामावलीत लिहावं.

---

उधाण

बास्किंग शार्कवर कुणी लिहिलं नाही म्हणून थोडक्यात. एप्रिल ते जून, अकिलचं कीम, क्लेअर आणि केरीचा किनारा. व्हेल शार्कनंतरचा सर्वांत मोठा मासा, प्लवक गाळून खाणारा. २०२२ पासून आयर्लंडमध्ये कायद्याने संरक्षित. पाण्यावर नाकाचं टोक, पाठीचा पर आणि शेपटीचं टोक असे तीन बिंदू रांगेत दिसतात. शांत समुद्र आणि ऊन हवं. ध्रुवक फिल्टर पाण्यावरची चकाकी जाईपर्यंत फिरवला की उघडं तोंड आणि आतले गाळणीपडदे दिसतात. जवळ गेलात की इंजिन न्यूट्रलला, त्याच्या वाटेत आडवं जायचं नाही, पाठलाग नाही. थांबलेल्या बोटीकडे तो पुष्कळदा स्वतःच येतो. किनाऱ्यावरून डोंगरउतारावर तिपाई लावली तर त्याची वर्तुळाकार फिरण्याची पद्धत बोटीपेक्षा नीट कळते.

---

कातरकाम

संगीताबद्दल एवढंच: इलियन पाइप्स (आयरिश बॅगपाइप) आणि हार्प ऐकू आले की प्रेक्षक पर्यटनाच्या जाहिरातीत जातो. माझं मत, पहिली १५ मिनिटं संगीत नकोच. कान नैसर्गिक आवाजाला सरावू द्या, मग जिथे काळ उडी मारतो तिथेच द्या.

निनाद, लाउडनेसचं (कानाला जाणवणाऱ्या मोठेपणाचं) काय? प्रक्षेपणासाठी −२३ एलयूएफएस हे ठरलेलं माप गाठताना वारा फार मोठा होतो.

---

निनाद

हो, कारण −२३ एलयूएफएस हे माप संपूर्ण कार्यक्रमाची सरासरी धरतं आणि इथे पातळी बांधायला माणसाचा आवाज नाही. शांत दलदल उचलून −२३ ला आणली तर प्रीॲम्पची खरखरही वर येते. शांत प्रसंग −३५ च्या आसपास राहू द्या. वादळी लाटा, गॅनेट वसाहत, हरणांच्या डरकाळ्या यांनी सरासरी भरून निघते, शिवाय सरासरीपेक्षा १० एककांहून खालचे भाग गेटमुळे मापात धरलेच जात नाहीत. आधी मोठे प्रसंग योग्य पातळीला बसवा, मग संपूर्ण कार्यक्रम मोजा, आणि फरक राहिला तर सगळ्यावर एकच गेन द्या. कॉम्प्रेसर लावून शांत भाग फुगवू नका. ट्रू पीक, म्हणजे आवाजाचं खरं टोक, −१ डीबीच्या खाली. यूट्यूबसाठी वेगळं मिश्रण करायचं असेल तर लक्षात ठेवा, ते मोठा आवाज खाली आणतं, लहान आवाज वर नेत नाही. फोनवर ऐकणाऱ्यांसाठी २०० हर्ट्झच्या खालचा समुद्र जवळजवळ नाहीसा होतो, तेव्हा लाटेसोबत गोट्यांची खळखळ वेगळ्या ट्रॅकवर घेऊन ठेवा आणि त्या मिश्रणात ती दोन-तीन डीबी वर द्या.